अर्ज नामंजूर, पण कारण कुठंय? कारण देणं साहेबांची मर्जी की कर्तव्य?

अशोकचौकातला (धागाकर्ता)
नमस्कार मंडळी. आमच्या गल्लीत एक अक्का राहतात. नवरा वारला, स्वतः विड्या वळतात. त्यांनी संजय गांधी निराधार योजनेत अर्ज केला होता. उत्पन्नाचा दाखला, रेशनकार्ड, नवऱ्याचा मृत्यूचा दाखला, सगळं जोडलं होतं. आता कागद आला. मजकूर एका ओळीचा: "आपला अर्ज विहित निकषांची पूर्तता करीत नसल्याने नामंजूर करण्यात येत आहे." खाली सही, शिक्का, जावक क्रमांक. बस्स.

कोणता निकष? कुठला कागद कमी पडला? खिडकीवर विचारलं तर एक जण म्हणाला उत्पन्न जास्त दिसतंय, दुसरा म्हणाला मुलगा कमावता आहे. दाखल्यावरचं उत्पन्न वर्षाला २१ हजारांच्या आत आहे आणि मुलगा अकरावीत शिकतोय. "वरिष्ठांकडे दाद मागा" असंही सांगितलं. मागतो की ओ, पण त्या अर्जात लिहू काय? उत्पन्नाबद्दल लिहू की मुलाबद्दल?

माझं मत स्पष्ट आहे. नाही म्हणायचा अधिकार असेल तर का नाही हे लिहून द्यायची जबाबदारीपण असली पाहिजे. कायदा तसं म्हणतो का, हे जाणकारांनी सांगावं.

हुरडापार्टी
अण्णा, आधी त्या कागदाची झेरॉक्स काढून ठेवा. पाकिटसुद्धा जपा, त्यावर टपालाची तारीख असते. कायदा पुढचे लोक सांगतीलच.

निवृत्त_कारकून
मी महसूल खात्यात आयुष्य काढलं, म्हणून दुसरी बाजू मांडतो. एका बैठकीपुढे शेकडो अर्ज येतात. छाननीचा तक्ता असतो, त्यात प्रत्येक अर्जासमोर शेरा असतो: "उत्पन्न दाखला मुदतबाह्य", "वयाचा पुरावा नाही" असं. म्हणजे कारण असतं, नाही असं नाही. पण अर्जदाराला पत्र पाठवताना एकच नमुना टाईप करून ठेवलेला असतो, त्यात फक्त नाव आणि गाव बदलतं. तक्त्यातला शेरा पत्रात उतरत नाही.

प्रत्येकाला दोन पानी निकालपत्र लिहायचं म्हटलं तर माणसं कुठून आणणार? एका टेबलाला तीन संकलनांचा (म्हणजे तीन विषयांच्या कामांचा) भार असतो. अधिकारी दुष्ट असतो असं समजून धागा पुढे नेऊ नका, एवढीच विनंती.

अशोकचौकातला
काका, दोन पानं कोण मागतंय? तक्त्यातला तो एका ओळीचा शेरा पत्रात टाका एवढंच म्हणणं आहे. नमुन्यात नाव बदलायला जेवढा वेळ लागतो तेवढाच त्याला लागेल.

कोर्टातली_ताई
धागाकर्त्यांनी नेमका प्रश्न विचारलाय, त्यामुळे जरा सविस्तर लिहिते.

साधं उत्तर: कारण देणं ही मर्जी नाही, कर्तव्य आहे. एस. एन. मुखर्जी विरुद्ध भारत सरकार या १९९० च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने सांगितलंय की लोकांच्या हक्कांवर परिणाम करणारे न्यायिकसदृश (म्हणजे कोर्टासारखे दोन्ही बाजू बघून दिलेले) निर्णय घेणाऱ्या प्रशासकीय अधिकाऱ्याने कारणं नोंदवलीच पाहिजेत. कायद्याने स्पष्टपणे किंवा ओघाने सूट दिली असेल तेवढाच अपवाद. ते प्रकरण लष्करी न्यायालयाच्या शिक्षेचं होतं आणि लष्करी कायद्याची रचना बघून तिथे न्यायालयाने सूट मान्य केली. म्हणजे मुखर्जी स्वतः हरले, पण नियम सगळ्यांसाठी राहिला.

त्याच निकालात काकांच्या शंकेलाही उत्तर आहे. कारणं कोर्टाच्या निकालपत्राइतकी विस्तृत असायची गरज नाही. ती स्पष्ट हवीत आणि अधिकाऱ्याने मुद्द्याचा विचार केलाय हे त्यातून दिसायला हवं. म्हणजे दोन ओळी चालतात, पण त्या त्या माणसाच्या प्रकरणाबद्दल हव्यात. २०१० च्या क्रांती असोसिएट्स निकालात न्यायालयाने या विषयावरची सगळी तत्त्वं एकत्र मांडली आणि रबरी शिक्क्यासारखी कारणं ही कारणंच नव्हेत असं सांगितलं. "विहित निकषांची पूर्तता नाही" हे माझ्या मते अगदी त्याच जातीचं आहे.

आता लेखी कायदा. माहिती अधिकार अधिनियम २००५ म्हटलं की सगळ्यांना अर्ज आणि दहा रुपयांचं तिकीट आठवतं. पण त्याच्या कलम ४(१)(घ) मध्ये थेट म्हटलंय की प्रत्येक सार्वजनिक प्राधिकरणाने आपल्या प्रशासकीय किंवा न्यायिकसदृश निर्णयांची कारणं बाधित व्यक्तीला द्यावीत. त्यासाठी अर्ज करावा लागतो असं तिथे लिहिलेलं नाही, ते आपणहून करायचं काम आहे. "हा निर्णय फक्त प्रशासकीय आहे, न्यायिकसदृश नाही" ही पळवाटही तिथे बंद होते, कारण दोन्ही शब्द कलमात आहेत.

महाराष्ट्राचा लोकसेवा हक्क अधिनियम २०१५ वेगळा. त्यात अधिसूचित सेवेचा अर्ज फेटाळला तर कारणं लेखी नोंदवावी लागतात, वर दोन अपिलं आणि त्यावर आयोग आहे. कसूर केल्यास पदनिर्देशित अधिकाऱ्याला (ती सेवा द्यायची जबाबदारी ज्याच्यावर आहे त्याला) ५०० ते ५००० रुपये दंड होऊ शकतो. पण सेवा अधिसूचित आहे का ते आधी तपासा, प्रत्येक काम त्यात येत नाही.

मोडनिंबचा_पोरगा
ताई, लई उपयोगी. मी स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करतोय. राज्यघटनेत "कारणे द्या" असं कुठे लिहिलेलं नाही, तरी अनुच्छेद १४ मधून, म्हणजे समानतेच्या हक्कातून, हे निघतं ना? मनमानी नको, म्हणजे कारण हवं. मनेका गांधी खटल्यात पण हेच होतं. १९७७ ला पासपोर्ट जप्त केला आणि कारण विचारलं तर "जनहितार्थ" कारणांची प्रत देता येत नाही असं कळवलं.

कोर्टातली_ताई
बरोबर. आणि १९७८ च्या त्या निकालानंतर "जनहित" एवढा एक शब्द टाकून गप्प बसणं सरकारला अवघड झालं. पण परीक्षेत अपवादही लिही. निवड समितीने एखाद्या उमेदवाराला का घेतलं नाही याची कारणं देणं बंधनकारक नाही, नियमातच तसं असेल तर गोष्ट वेगळी. बंगळुरूच्या निम्हान्स या मानसिक आरोग्य संस्थेबाबतचा १९९२ चा निकाल आहे त्यावर. मुलाखतीत कमी गुण का पडले, याला हा नियम लागत नाही.

मोडनिंबचा_पोरगा
हे ऐकून वाईट वाटलं, पण वहीत लिहून घेतलं.

बार्शीकर
आमचा अनुभव शेतीतला. वारसाची फेरफार नोंद (जमिनीच्या कागदावर नाव बदलायची नोंद) धरली, चुलत्याने हरकत घेतली, मंडळ अधिकाऱ्यांकडे सुनावणी झाली. दोन्ही बाजूंनी कागद दिले. निकाल आला तो असा: "कागदपत्रांचे अवलोकन केले. नोंद नामंजूर." आमचं मृत्युपत्र वाचलं की नाही, चुलत्याचा वाटणीचा दावा खरा मानला की कसं, काही कळेना.

जमीन महसूल संहितेच्या कलम २४७ खाली प्रांतांकडे (उपविभागीय अधिकाऱ्यांकडे) अपील केलं. मुदत ६० दिवसांची असते, ती लक्षात ठेवा. वकिलांनी पहिलाच मुद्दा घेतला की आदेशात कारणमीमांसा नाही. प्रांतांनी तो मान्य केला, आदेश रद्द केला आणि प्रकरण फेरचौकशीसाठी परत खाली पाठवलं. म्हणजे जिंकलो आणि पुन्हा त्याच दारात उभे राहिलो. चुलते बांधावर भेटले की हसायचे. म्हणून विचारतो, कारणासाठी भांडून पदरात पडतं काय? निकाल आपल्या बाजूने लागत नाही, नुसती फेरी वाढते.

निवृत्त_कारकून
हेच मला म्हणायचं होतं. कारण नाही म्हणून आदेश रद्द होतो, मग तोच अधिकारी तोच निर्णय चार ओळी वाढवून देतो. सामान्य माणसाचं त्यात वर्ष जातं.

कोर्टातली_ताई
काका, तुम्ही म्हणता ते अनेकदा घडतं. पण त्या चार ओळींनी पुढचं सगळं बदलतं. बार्शीकर, दुसऱ्या फेरीत काय झालं ते सांगा ना.

बार्शीकर
दुसऱ्या वेळी साहेबांना लिहावं लागलं की मृत्युपत्रावर साक्षीदारांच्या सह्या आहेत, पण चुलत्याने दिवाणी दावा लावलाय म्हणून नोंद आत्ता धरता येत नाही. ते वाचल्यावर आम्हाला कळलं की अडचण मृत्युपत्राची नव्हतीच. मग आम्ही फेरफाराचा नाद सोडला आणि सगळा जोर दिवाणी कोर्टात लावला. हे आधीच कळलं असतं तर आमचा वेळ वाचला असता, हे मात्र खरं.

अशोकचौकातला
दादा, तुमच्या प्रश्नाचं उत्तर तुम्हीच दिलंत की. कारणाने निकाल फिरला नाही, पण लढाई कुठे लढायची ते कळलं. अक्कांना तेच हवंय. उत्पन्नाचा घोळ असेल तर दाखला नवा काढू, मुलाचा असेल तर कॉलेजचं बोनाफाईड जोडू. काहीच माहीत नसेल तर अंधारात काय जोडायचं?

टॉवेलवाला
आमचा छोटा कारखाना आहे अक्कलकोट रोडला. एका संस्थेच्या टॉवेल पुरवठ्याच्या निविदेत आम्ही तांत्रिक छाननीतच बाद. पत्रात कारण "अटींची पूर्तता नाही". आम्ही लेखी तक्रार केली तेव्हा उत्तर आलं की अनुभवाचा दाखला नव्हता. तो जोडलेला होता, पोच दाखवली. मग पुढच्या उत्तरात कारण बदललं: नमुन्याचं वजन कमी भरलं. कारण असं बदलता येतं का? दर वेळी आम्ही एक खोडायचं आणि त्यांनी दुसरं काढायचं?

कोर्टातली_ताई
नाही, आणि याबाबत कायदा अगदी पक्का आहे.

एक जुनी गोष्ट सांगते, आपल्या मुंबईचीच. १९४७ साली गोरधनदास भानजी यांना अंधेरीत सिनेमागृह बांधायची परवानगी पोलीस आयुक्तांनी दिली आणि दोनेक महिन्यांत रद्द केली. रद्द करणाऱ्या पत्रात लिहिलं होतं की शासनाच्या निर्देशावरून कळवतो, परवानगी रद्द. परवानगीचा अधिकार कायद्याने आयुक्तांचा, शासनाचा नव्हे. कोर्टात गेल्यावर आयुक्त म्हणू लागले, निर्णय माझाच होता. १९५१ मध्ये सर्वोच्च न्यायालयात न्यायमूर्ती विवियन बोस यांनी ते मानलं नाही. सार्वजनिक आदेशाचा अर्थ त्यातल्या शब्दांवरून लावायचा. आपल्या मनात काय होतं, हे अधिकाऱ्याने नंतर सांगून चालत नाही.

पुढे डिसेंबर १९७७ मध्ये मोहिंदर सिंग गिल खटल्यात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी हाच धागा पुढे नेला. आदेश ज्या कारणांवर दिला त्याच कारणांवर तो तपासला जाईल, नंतर प्रतिज्ञापत्रात नवी कारणं घालून त्याला टेकू देता येणार नाही.

म्हणून पहिलंच पत्र महत्त्वाचं, टॉवेलवाले. तिन्ही पत्रं तारखेनुसार लावून ठेवा. निविदेच्या प्रकरणात कोर्ट सहसा फार खोलात शिरत नाही, पण कारण बदलत गेलेलं दिसलं तर त्याची दखल घेतं. आणि रिटसाठी (सरकारी निर्णयाविरुद्ध थेट उच्च न्यायालयात करायच्या अर्जासाठी) आता मुंबईपर्यंत जायची गरज नाही. ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच कोल्हापूरला सुरू झालंय, सोलापूर जिल्हा त्यात येतो.

जुळे_सोलापूरकर
कोर्टाचा विषय निघालाच आहे तर आपल्या सोलापूरच्या साखर कारखान्याच्या चिमणीबद्दल पण बोला की. १५ जून २०२३ ला पाडली...

हुरडापार्टी
झालं. आता धागा दोनशे प्रतिसादांवर जाणार आणि अक्का राहतील बाजूलाच.

नियंत्रक
चिमणी आणि विमानतळ यासाठी वेगळा धागा आहे, कृपया तिकडे लिहा. इथे कुणाच्याही कार्यालयाचं वा अधिकाऱ्याचं नाव टाकू नये, हेही लक्षात असू द्या.

कुंभारीची_शिक्षिका
एक मुद्दा कुणी मांडला नाही म्हणून लिहिते. मी विडी कामगारांच्या वस्तीत शिकवते. घरात तेलुगू बोलतात, काही घरांत कन्नड. मोठ्या बायकांपैकी बऱ्याच जणींना मराठी बोललेलं समजतं, वाचता मात्र येत नाही. त्यांच्या हातात "विहित निकषांची पूर्तता करीत नसल्याने" पडलं तर त्या पोराला वाचायला देतात, आणि आठवीतल्या पोरालाही ते वाक्य कळत नाही. मग त्या समजतात, आपलंच काहीतरी चुकलं. पदराला बांधतात कागद आणि पुन्हा अर्ज करत नाहीत. कितीतरी घरांत हे बघितलंय मी.

राज्याचा कारभार मराठीत चालावा, यात वाद नाही. पण मराठी अशी हवी की कामगार बाईला मोठ्याने वाचून दाखवली तर कळेल. "तुमचा उत्पन्नाचा दाखला जुना झाला आहे, या वर्षाचा आणा" हे पण मराठीच आहे. कारण लिहून दिलं पण समजलंच नाही, तर ते दिलं असं मी मानत नाही. अशी पत्रं बघितली की मला रात्री झोप लागत नाही हो, कारण योजनेच्या महिन्याच्या त्या १५०० रुपयांवर घरातलं औषधपाणी अवलंबून असतं.

निवृत्त_कारकून
बाई, हे वाचून थांबलो जरा. खिडकीच्या आतल्या बाजूने हे दिसत नाही. आम्हाला वाटायचं, पुन्हा आले नाहीत म्हणजे मान्य केलं.

आता कार्यालयातली एक आतली गोष्ट सांगतो. कारण न लिहिण्यामागे आळस असतो तशी भीतीपण असते. लिहिलेलं कारण लेखापरीक्षणात येतं, अपिलात येतं, विधानसभेच्या तारांकित प्रश्नात येतं. मोघम लिहिलं की कुठेच अडकत नाही. वरिष्ठही नव्या कारकुनाला हेच शिकवतात, "जास्त लिहू नकोस." तरीही माझ्या नोकरीत एक साहेब असे होते की प्रत्येक नकाराच्या पत्रात हाताने एक ओळ घालायचे, काय आणलं तर काम होईल ते. त्यांच्या काळात खिडकीवरची गर्दी कमी झाली होती, कारण माणूस एकदाच परत यायचा आणि योग्य कागद घेऊन यायचा. मी वर भाराबद्दल लिहिलं ते खरंच आहे, पण त्या साहेबांच्या टेबलावरही भार तेवढाच होता.

मोडनिंबचा_पोरगा
काका, उद्या मी खुर्चीत बसलो तर ही एक ओळ नक्की घालणार.

हुरडापार्टी
पोरगं पास झालं की पार्क चौपाटीवर पार्टी, आणि नापास झालं तर त्याचं कारण आम्ही लेखी मागणार!

अशोकचौकातला
आता मुद्द्यावर. अक्कांसाठी मी माहिती अधिकारात अर्ज टाकतोय. "अर्ज का नामंजूर केला ते कळवावे" असं लिहिलं तर चालेल ना?

कोर्टातली_ताई
थांबा! "का" असं विचारू नका. मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाचा २००८ चा सेल्सा पिंटो निकाल आहे. माहिती अधिकारात नोंदींवर असलेली माहिती मिळते, "का" या प्रश्नाचं उत्तर माहिती अधिकाऱ्याने तयार करून द्यायचं नसतं. तुमचा अर्ज तेवढ्यावर परत येईल आणि अजून महिना जाईल.

दोन वेगळे कागद करा. पहिला साधा अर्ज, नामंजुरीवर सही करणाऱ्या अधिकाऱ्याच्याच नावे: कलम ४(१)(घ) प्रमाणे निर्णयाची कारणं बाधित व्यक्तीला देणं आपलं कर्तव्य आहे, ती लेखी द्यावीत. तो अक्कांच्याच सहीने किंवा अंगठ्याने जाऊ द्या, कारण बाधित व्यक्ती त्या आहेत.

दुसरा माहिती अधिकाराचा, जनमाहिती अधिकाऱ्याच्या नावे. त्यात नोंदी मागा: अक्कांच्या अर्जाची छाननी झालेला तक्ता, त्यांच्या नावासमोरचा शेरा, नस्तीवरच्या (फाईलवरच्या) टिप्पण्या, बैठकीचं इतिवृत्त आणि ज्या शासन निर्णयातला निकष लावला त्याची प्रत. काकांनी वर सांगितलं ना, शेरा तक्त्यात असतो? तोच मागायचा. महाराष्ट्राच्या नियमांप्रमाणे अर्ज एकाच विषयाचा आणि १५० शब्दांच्या आत ठेवा. अक्का दारिद्र्यरेषेखाली असतील तर शुल्क नाही, पुरावा जोडा. उत्तराची मुदत ३० दिवस, नाही आलं तर त्यापुढच्या ३० दिवसांत पहिलं अपील. आणि माहिती नाकारली तर त्या नकाराचंही कारण त्यांना लेखी द्यावं लागतं, कलम ७(८) बघा.

पण माहितीची वाट बघत वरिष्ठांकडे दाद मागायची मुदत घालवू नका. तो अर्ज आत्ताच द्या. त्यात लिहा की कारण कळवलेलं नाही, त्यामुळे सविस्तर म्हणणं मांडता येत नाही, कारणं मिळाल्यावर पुरवणी म्हणणं देण्याचा हक्क राखून ठेवत आहे.

निवृत्त_कारकून
ताईंनी सगळं सांगितलं, मी कार्यालयाच्या बाजूने भर घालतो. अर्ज आवक शाखेतच द्या, टेबलावर देऊ नका. दुय्यम प्रतीवर गोल शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घ्या. नामंजुरीच्या पत्राचा जावक क्रमांक विषयाच्या ओळीखालीच संदर्भ म्हणून लिहा, म्हणजे नस्ती शोधायला सबब उरत नाही. "छाननी तक्ता" हाच शब्द वापरा. आणि जमलं तर संकलनाच्या लिपिकाला एकदा शांतपणे भेटा, आवाज चढवू नका. बऱ्याचदा तो तोंडी खरं कारण सांगतो, म्हणजे लेखी उत्तर येईपर्यंत कागद जमवायला लागता येतं.

कुंभारीची_शिक्षिका
अशोकचौकातले दादा, अक्कांना तेलुगूत समजावून सांगायला कुणी हवं असेल तर मला निरोप पाठवा. शाळा सुटल्यावर येईन. सही करण्याआधी अर्जात काय लिहिलंय हे त्यांना नीट कळू दे.

अशोकचौकातला
बाई, नक्की या, त्यांना धीर येईल. दोन्ही अर्ज आणि वरिष्ठांकडचा तिसरा, मसुदे तयार केले. ताई, काका, खाजगी निरोपात पाठवलेत, नजर टाका. मुलाचं बोनाफाईड आणि नवा उत्पन्न दाखला पण काढायला टाकलाय, कारण कुठलंही निघालं तरी हाताशी असावं.

बार्शीकर
वरिष्ठांकडच्या अर्जात "समक्ष म्हणणे मांडण्याची संधी द्यावी" ही ओळ आहे का? आमच्या वकिलांनी ती घालायला लावली होती.

कोर्टातली_ताई
नव्हती, आत्ता घातली. तिसऱ्या परिच्छेदाच्या शेवटी बघा. बाकी मसुदा ठीक आहे, फक्त "अन्यायकारक" हा शब्द चार वेळा आलाय, एकदाच ठेवा आणि त्या जागी तारखा लिहा.